प्रतिधुरीणत्व : संज्ञेचा अर्थ आणि मराठी समीक्षेतील उपयोजन

प्रस्तावना

दलित, ग्रामीण, आदिवासी आणि स्त्रीवादी साहित्याच्या मराठी समीक्षेत गेल्या काही दशकांत ज्या संज्ञा रूढ झाल्या, त्यांत ‘प्रतिधुरीणत्व’ ही एक महत्त्वाची संज्ञा आहे. काही अभ्यासक तिच्यासाठी ‘प्रतिवर्चस्व’ हा पर्याय योजतात. प्रस्थापित विचारसरणीला केलेला विरोध, असा तिचा ढोबळ अर्थ बहुतेक ठिकाणी गृहीत धरलेला दिसतो. या ढोबळ अर्थाची सोय अशी, की ज्या कलाकृतीत विरोधाचा स्वर ऐकू येतो ती प्रत्येक कलाकृती या संज्ञेखाली बसविता येते. संतापाची कविता, नकाराचे आत्मकथन, घराचा उंबरठा ओलांडणाऱ्या नायिकेची कथा, सावकाराला जाब विचारणारा कादंबरीतील प्रसंग, या सर्वांना एकच विशेषण लागते. परंतु जी संज्ञा सर्वांनाच लागू पडते ती कोणाविषयीच काही वेगळे सांगू शकत नाही. संज्ञेचे काम भेद दाखविण्याचे असते. भेद पुसण्याचे नव्हे.

प्रस्तुत लेखात या संज्ञेचा उगम, तिच्या मराठी पर्यायांच्या अर्थच्छटा आणि तिच्या उपयोजनाच्या मर्यादा यांचा विचार केला आहे. विरोध हा प्रतिधुरीणत्वाचा केवळ आरंभ होय. नव्या लोकसमजाची आणि तो समज वाहून नेणाऱ्या संस्थांची उभारणी होऊ लागते तेव्हाच ही संज्ञा सार्थ ठरते, असे या लेखाचे प्रतिपादन आहे. त्यासाठी एकोणिसाव्या शतकातील दोन मराठी पुस्तकांची तुलना आधाराला घेतली आहे : जोतीराव फुले यांचे ‘गुलामगिरी’ (१८७३) आणि ताराबाई शिंदे यांचे ‘स्त्री-पुरुष तुलना’ (१८८२).

‘वर्चस्व’ की ‘धुरीणत्व’?

‘हेजिमनी’ या पाश्चात्त्य संज्ञेचे मूळ ग्रीक भाषेत असून तेथे तिचा अर्थ नेतृत्व असा होता. विसाव्या शतकाच्या आरंभी रशियन मार्क्सवाद्यांनी, विशेषतः प्लेखानोव्ह आणि लेनिन यांनी, कामगारवर्गाने इतर शोषित वर्गांचे केलेले नेतृत्व या अर्थाने ती वापरली. इटालियन विचारवंत अंतोनिओ ग्राम्शी (१८९१–१९३७) यांनी तिला आजची व्याप्ती दिली. नोव्हेंबर १९२६ मध्ये फॅसिस्ट राजवटीने त्यांना अटक केली आणि १९२९ पासून त्यांनी तुरुंगात टिपणवह्या लिहावयास सुरुवात केली. पश्चिम युरोपात भांडवली व्यवस्था केवळ पोलीस आणि लष्कर यांच्या बळावर टिकलेली नाही. शाळा, चर्च, वृत्तपत्रे, वाचनालये, मंडळे यांनी बनलेल्या नागरी समाजात ती जनतेची संमती मिळवीत असते, हे त्यांचे मुख्य निरीक्षण होय. सत्ताधारी वर्गाची जीवनदृष्टी सर्वांनाच स्वाभाविक वाटू लागते, तेव्हा त्या वर्गाचे धुरीणत्व प्रस्थापित झालेले असते.

या पार्श्वभूमीवर मराठी पर्यायांची निवड हा केवळ रुचीचा प्रश्न राहत नाही. ‘वर्चस्व’ हा शब्द ‘वर्चस्’ म्हणजे तेज यावरून आला असला, तरी आजच्या मराठीत त्याचा अर्थ दुसऱ्यावर कुरघोडी असा झाला आहे. ‘त्या गटाचे वर्चस्व आहे’ असे म्हणताना बळाचा बोध होतो, संमतीचा होत नाही. याउलट ‘धुरीण’ म्हणजे धुरा वाहणारा. ‘समाजधुरीण’ हा शब्द मराठी माणूस आदराने उच्चारतो. ज्याच्या मागून लोक आपण होऊन चालतात, तो धुरीण. त्यामुळे ‘धुरीणत्व’ या पर्यायात मूळ ग्रीक अर्थही टिकतो आणि ग्राम्शी यांना अभिप्रेत असलेली संमतीही. जुलूम करणाऱ्याचा राग सहज येतो. ज्याला आपण धुरीण मानले त्याच्याविषयी प्रश्न विचारणे कठीण जाते. ग्राम्शी यांना भेडसावणारा प्रश्न नेमका हाच होता.

पर्यायांतील या फरकाचा परिणाम पुढील संज्ञेवर होतो. ‘प्रतिवर्चस्व’ म्हटले, की एका कुरघोडीला दुसऱ्या कुरघोडीने दिलेले उत्तर एवढाच अर्थ मनात येतो. ‘प्रतिधुरीणत्व’ म्हटले, की नवी धुरा कोणी उचलली, ती कोणत्या दिशेने वाहिली आणि मागून कोण चालले, हे प्रश्न अपरिहार्य होतात. म्हणून या लेखात दुसरा पर्याय स्वीकारला आहे.

संज्ञेचा उगम

येथे एक बाब आवर्जून नोंदविणे आवश्यक आहे. मराठीतील अनेक शोधनिबंधांत ‘ग्राम्शी यांची प्रतिधुरीणत्वाची संकल्पना’ असा उल्लेख येतो. परंतु ही संज्ञा ग्राम्शी यांच्या टिपणवह्यांत आढळत नाही. ती त्यांच्या भाष्यकारांनी आणि पुढील अभ्यासकांनी घडविली. ग्राम्शी शोषित वर्गाच्याही धुरीणत्वाविषयीच बोलतात. त्यासाठी वेगळा उपसर्ग त्यांना आवश्यक वाटला नाही. हा तपशील वरवर किरकोळ भासेल, पण त्याचा गर्भितार्थ मोठा आहे. शोषितांचे कार्य हे प्रस्थापितांच्या कार्याची केवळ नकारात्मक प्रतिक्रिया नाही. समाजाला नैतिक आणि बौद्धिक नेतृत्व देण्याची तीच जबाबदारी त्यांच्यावरही येते, असे ग्राम्शी यांचे म्हणणे होते. सत्ता हाती येण्यापूर्वीच हे नेतृत्व सिद्ध व्हावे लागते, असेही त्यांनी प्रतिपादिले. एका धडकेत राजवाडा जिंकण्याचे युद्ध आणि खंदक खणून, ठाणी उभारून दीर्घकाळ लढण्याचे युद्ध असा भेद त्यांनी केला, तो याच संदर्भात.

संज्ञेला साहित्यसमीक्षेत आणण्याचे श्रेय मोठ्या प्रमाणात ब्रिटिश समीक्षक रेमंड विल्यम्स यांच्याकडे जाते. ‘मार्क्सिझम अँड लिटरेचर’ (१९७७) या ग्रंथात त्यांनी धुरीणत्व ही स्थिर वस्तू नसून सतत चालणारी प्रक्रिया आहे, असे मांडले. ही प्रक्रिया पुनःपुन्हा नवी करावी लागते, राखावी लागते, कारण तिला सतत प्रतिकार होत असतो. विल्यम्स यांनी पर्यायी आणि विरोधी असा महत्त्वाचा भेदही केला. वेगळ्या पद्धतीने जगू इच्छिणारा आणि तसे जगू दिले की संतुष्ट होणारा समूह पर्यायी. त्या वेगळ्या पद्धतीच्या आधारे संपूर्ण समाज बदलू पाहणारा समूह विरोधी. प्रस्थापित व्यवस्था पर्यायी प्रवाहांना बहुधा सामावून घेते, किंबहुना त्यांना शोभेचे स्थानही देते, ही त्यांची सूचना मराठी समीक्षेने अधिक गांभीर्याने घ्यावयास हवी होती.

‘प्रति’ या उपसर्गाचे दोन अर्थ

संज्ञेच्या मराठी रूपातील ‘प्रति’ या उपसर्गाकडे फारसे लक्ष दिले गेलेले नाही. मराठीत या उपसर्गाचे किमान दोन अर्थ रूढ आहेत. ‘प्रतिकार’, ‘प्रतिवाद’, ‘प्रतिपक्ष’ या शब्दांत तो विरोध दाखवितो. ‘प्रतिनिधी’, ‘प्रतिमा’, ‘प्रतिसृष्टी’ या शब्दांत तो ‘च्या जागी उभे राहणारे’ हा अर्थ सुचवितो. विश्वामित्राने सृष्टीचा केवळ निषेध केला असता तर ती कथा लोकांच्या स्मरणात राहिली नसती. त्याने दुसरी सृष्टी रचावयास घेतली. ‘प्रतिधुरीणत्व’ या शब्दातील ‘प्रति’ या दुसऱ्या कुळातील आहे.

महाराष्ट्राच्या इतिहासात याचे ठळक उदाहरण म्हणजे क्रांतिसिंह नाना पाटील यांच्या नेतृत्वाखाली तत्कालीन सातारा जिल्ह्यात १९४३ ते १९४६ या काळात चाललेले प्रतिसरकार. या चळवळीने परकीय सत्तेवर हल्ले केलेच. पण त्याबरोबर गावोगावी न्यायदान मंडळे स्थापन केली, तुफान सेनेद्वारे संरक्षणाची व्यवस्था लावली, दारूबंदीचा आणि कमी खर्चाच्या विवाहांचा आग्रह धरला. सरकार नाकारणे आणि सरकार चालवून दाखविणे या दोन्ही गोष्टी ‘प्रतिसरकार’ या एका शब्दात सामावलेल्या होत्या. लोकांच्या तोंडी मात्र या शब्दाचे ‘पत्री सरकार’ झाले आणि तळपायाला पत्रे ठोकण्याच्या शिक्षेशी त्याचा अर्थ जोडला गेला. शिक्षेची गोष्ट रंगतदार असल्याने ती टिकली. न्यायमंडळांचे चिकाटीचे काम विस्मरणात गेले. समीक्षेतील ‘प्रतिधुरीणत्व’ या संज्ञेचेही असेच झाले आहे. तिच्यातील आघात उरला, उभारणी निसटली.

प्रतिकार, विरोध आणि प्रतिधुरीणत्व

उभारणीचा निकष स्वीकारला, की परस्परांत मिसळल्या जाणाऱ्या काही संकल्पना वेगळ्या करता येतात. अमेरिकन अभ्यासक जेम्स स्कॉट यांनी मलेशियातील केडा राज्यातील एका खेड्याच्या अभ्यासावरून ‘वेपन्स ऑफ द वीक’ (१९८५) हा ग्रंथ लिहिला. कामात मुद्दाम दिरंगाई करणे, न समजल्याचे सोंग घेणे, पाठीमागे निंदानालस्ती करणे, धान्याची किरकोळ चोरी करणे, या दुर्बळांच्या दैनंदिन प्रतिकाराकडे त्यांनी लक्ष वेधले. गरीब माणूस श्रीमंतांची जीवनदृष्टी मनापासून मान्य करतो, हे गृहीतकच त्यांनी नाकारले. मराठी मुलखातील जात्यावरच्या ओव्या या संदर्भात सहज आठवतात. सासुरवास, कष्ट, माहेरची ओढ, पुरुषी अरेरावी यांविषयी स्त्रिया पहाटेच्या अंधारात जे गात आल्या, ते त्यांनी दिवसाउजेडी चारचौघांत म्हटले नसते. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांच्या प्रयत्नांतून अशा ओव्यांचा प्रचंड संग्रह उभा राहिला आहे. या ओव्यांत प्रतिकार आहे, यात शंका नाही. व्यवस्थेने स्त्रीचे मन पूर्णपणे जिंकलेले नाही, याची ती साक्ष आहे. परंतु दळण संपले की ओवी थांबते आणि घराची घडी तशीच राहते. ओवीला प्रतिधुरीणत्व म्हणणे हा तिचा गौरव वाटला, तरी तिच्यातील असहायता त्यामुळे झाकली जाते.

विरोध आणि संमती यांचे नाते किती गुंतागुंतीचे असते, हे पॉल विलिस यांच्या ‘लर्निंग टू लेबर’ (१९७७) या अभ्यासातून अधिक स्पष्ट होते. इंग्लंडच्या मध्य भागातील एका औद्योगिक शहरात कामगारांची मुले शाळेची शिस्त, शिक्षकांचा अधिकार आणि अभ्यासू सहाध्यायी यांची टर उडवितात. त्यांची बंडखोरी खरी आहे. शिक्षणाने सर्वांचे भले होते हा दावा पोकळ आहे, हे त्यांना उमगलेले आहे. मात्र याच बंडखोरीमुळे ती मुले आपल्या पायांनी चालत कारखान्याच्या फाटकापर्यंत पोहोचतात आणि बापाचेच काम पत्करतात. शिवाय शारीरिक श्रम म्हणजे मर्दानगी या त्यांच्या अभिमानात स्त्रियांविषयी आणि स्थलांतरितांविषयी तुच्छता मिसळलेली असते. विरोध येथे व्यवस्थेच्या पुनरुत्पादनाचेच साधन ठरतो. जे समीक्षक विरोधाचा स्वर ऐकताच निष्कर्षाला पोहोचतात, त्यांच्यासाठी हा अभ्यास सावधगिरीचा इशारा आहे.

‘गुलामगिरी’ : नव्या लोकसमजाची रचना

या विवेचनाच्या प्रकाशात ‘गुलामगिरी’कडे पाहता येते. धोंडीबा आणि जोतीराव यांच्या संवादाच्या रूपात लिहिलेल्या या ग्रंथात फुले यांनी दशावताराच्या कथांची फेरमांडणी केली. वामन हा विजेता आणि बळी हा गर्विष्ठ असुर, ही परंपरागत कथा उलटी करून त्यांनी बळीला न्यायी राजा आणि वामनाला कपटी आक्रमक ठरविले. खंडोबा, म्हसोबा यांसारखी बहुजनांची दैवते ही बळीच्या राज्यातील अधिकारपदांची रूपांतरे आहेत, असा अर्थ त्यांनी लावला. ‘म्हसोबा’ची व्युत्पत्ती ‘महासुभा’शी जोडण्यासारखी त्यांची स्पष्टीकरणे आजच्या भाषाशास्त्राला आणि इतिहाससंशोधनाला मान्य होणारी नाहीत. केवळ ऐतिहासिक ग्रंथ म्हणून त्याची परीक्षा केल्यास त्याच्या उणिवा सहज दाखविता येतात आणि त्या दाखविल्याही गेल्या आहेत.

तथापि ग्रंथाचे बळ अन्यत्र आहे. ग्राम्शी यांनी ‘लोकसमज’ आणि त्या लोकसमजाच्या पोटात दडलेली ‘सुजाण समज’ असा भेद केला होता. सामान्य माणसाच्या मनात परंपरेने आलेल्या विसंगत समजुतींचा गाळ असतो, पण त्याच गाळात त्याच्या स्वतःच्या अनुभवातून आलेला विवेकाचा कणही असतो. नवी जीवनदृष्टी बाहेरून आणून लादता येत नाही. या कणाला धरूनच ती वाढवावी लागते. दिवाळीत बहीण भावाला ओवाळताना बळीचे राज्य येण्याची इच्छा व्यक्त करते, ही महाराष्ट्राच्या घराघरांतील रीत फुले यांनी ग्रंथात पुराव्यासारखी वापरली. ज्या राजाला पुराणाने पाताळात घातले, त्याच्या राज्याची वाट शेतकऱ्याच्या घरातील स्त्री शेकडो वर्षे का पाहते? हा प्रश्न विचारताच वाचकाला परके काही शिकविले जात नाही. त्याच्याच ओठांवरील शब्दाचा अर्थ त्याला परत दिला जातो. विरोधासाठी पुराणे फेकून देणे पुरेसे झाले असते. फुले यांनी मात्र लोकांच्या स्मृतीतूनच एक प्रति-इतिहास उभा केला.

ग्रंथाला वाहक मिळाला, ही दुसरी महत्त्वाची बाब. ‘गुलामगिरी’ प्रसिद्ध झाले त्याच वर्षी, २४ सप्टेंबर १८७३ रोजी, पुण्यात सत्यशोधक समाजाची स्थापना झाली. पुरोहिताशिवाय विवाह लावण्याची रीत समाजाने सुरू केली. पुरोहिताच्या दक्षिणेचा हक्क बुडतो म्हणून जुन्नर भागात प्रकरणे न्यायालयापर्यंत गेली. म्हणजे पुस्तकातील वाद लग्नाच्या मांडवात आणि तेथून न्यायासनापुढे पोहोचला. कृष्णराव भालेकर यांनी १८७७ मध्ये ‘दीनबंधु’ सुरू केल्याने चळवळीला स्वतःचे वृत्तपत्र लाभले. पुढे विसाव्या शतकात सत्यशोधकी जलशांनी हा विचार अक्षरशत्रू श्रोत्यांपर्यंत नेला. कर्मवीर भाऊराव पाटील यांनी १९१९ मध्ये काले येथे स्थापन केलेली रयत शिक्षण संस्था हे या परंपरेचे संस्थात्मक फळ होय. ग्रंथ, विवाहविधी, वृत्तपत्र, जलसा आणि शाळा अशी ही साखळी आहे. ‘गुलामगिरी’ला प्रतिधुरीणत्वाचा ग्रंथ म्हणावयाचे ते या साखळीतील त्याच्या स्थानामुळे, त्यातील भाषेच्या धारेमुळे नव्हे.

या ठिकाणी एक आक्षेप विचारात घेणे न्याय्य ठरेल. फुले यांनी ब्रिटिश सत्तेकडे आशेने पाहिले. मग त्यांचे कार्य प्रतिधुरीणत्वाचे कसे, असा प्रश्न विचारला जातो. रणजित गुहा यांनी वसाहतवादी राज्य हे धुरीणत्वाविना प्रभुत्व होते, असे मांडले आहे. हे मत ग्राह्य धरल्यास शेतकऱ्याच्या मनावरील खरे धुरीणत्व परकीय राज्यकर्त्यांचे नव्हते. ते जातिव्यवस्थेचे आणि धर्मग्रंथांचे होते. फुले यांनी लढ्याची जागा अचूक ओळखली, असे म्हणता येते. शिवाय सरकारविषयीची त्यांची भूमिका निव्वळ स्तुतीची नव्हती. १८८२ मध्ये हंटर आयोगापुढील निवेदनात, शेतकऱ्यांच्या करातून जमणारा पैसा वरिष्ठ वर्गांच्या उच्च शिक्षणावर खर्च होतो, हे त्यांनी स्पष्टपणे मांडले. ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये गोऱ्या अधिकाऱ्यांच्या ऐषआरामावरही त्यांनी कोरडे ओढले आहेत.

‘स्त्री-पुरुष तुलना’ : वाहकाविना विचार

‘गुलामगिरी’नंतर नऊ वर्षांनी ‘स्त्री-पुरुष तुलना’ प्रसिद्ध झाले. सुरत येथील विजयालक्ष्मी या तरुण विधवेला भ्रूणहत्येच्या आरोपावरून १८८१ मध्ये झालेली शिक्षा आणि त्यानंतर समस्त स्त्रीजातीवर वृत्तपत्रांतून झालेली आगपाखड, हे त्याचे निमित्त होते. बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी स्त्रियांवर लादले जाणारे दुर्गुण एकेक करून घेतले आणि ते पुरुषांत कसे अधिक आहेत, हे दाखविले. पतिव्रताधर्म, पुराणातील आदर्श, विधवेचे जिणे, सुधारकांचा पोकळपणा, कशाचीही त्यांनी गय केली नाही. विचाराची धार, उपरोधाची शक्ती आणि बोलभाषेचा जिवंतपणा या दृष्टींनी हे पुस्तक ‘गुलामगिरी’च्या तुलनेत कोठेही उणे नाही. काही ठिकाणी ते अधिक पुढे जाते, कारण ते घराच्या आतील सत्तेला हात घालते.

तरीही त्याचे प्राक्तन वेगळे ठरले. फुले यांनी ‘सत्सार’ (१८८५) मधून ताराबाईंची बाजू घेतली आणि त्यांच्या टीकाकारांना उत्तर दिले. परंतु त्यापलीकडे या पुस्तकाला वाहक मिळाला नाही. त्याभोवती सभा जमली नाही, वृत्तपत्र निघाले नाही, शाळा उभी राहिली नाही. ताराबाईंचे दुसरे पुस्तकही आले नाही. १९७५ मध्ये स. गं. मालशे यांनी ते पुन्हा प्रकाशात आणेपर्यंत सुमारे नऊ दशके मराठी वाचकांना त्याचा जवळजवळ विसर पडला होता. १९७५ हे आंतरराष्ट्रीय महिला वर्ष होते आणि महाराष्ट्रात स्त्रीमुक्तीची संघटना, नियतकालिके, परिषदा यांची जुळणी त्याच सुमारास होत होती. आता या विचाराला वाहक मिळाला. अभ्यासक्रमांत त्याचा समावेश झाला, १९९४ मध्ये रोझालिंड ओ’हॅन्लन यांनी त्याचा इंग्रजी अनुवाद केला आणि भारतीय स्त्रीवादाच्या आरंभबिंदूंत त्याची गणना होऊ लागली.

या पुस्तकातील शब्द १८८२ मध्ये आणि १९७५ नंतर तेच होते. बदलले ते भोवतालचे सामाजिक संघटन. त्यामुळे प्रतिधुरीणत्व हा संहितेचा अंगभूत गुण नसून संहिता आणि चळवळ यांच्यातील नाते आहे, हा निष्कर्ष काढावा लागतो. १८८२ मधील ‘स्त्री-पुरुष तुलना’ला केवळ ‘प्रतिधुरीणत्वाची संहिता’ म्हणून मोकळे होणारा समीक्षक त्या पुस्तकाच्या एकाकीपणाचा इतिहास पुसून टाकतो. ते का विसरले गेले, जातिविरोधी चळवळीने जे बळ ‘गुलामगिरी’ला दिले ते स्त्रीच्या प्रश्नाला का दिले नाही, हा अस्वस्थ करणारा प्रश्न संज्ञेच्या सैल वापरामुळे विचारलाच जात नाही.

सामावून घेण्याची प्रक्रिया

उभारणी झाली तरी ती टिकतेच असे नाही. इटलीच्या एकीकरणाचा अभ्यास करताना ग्राम्शी यांनी विरोधी गटांच्या नेत्यांना हळूहळू आपल्यात ओढून घेण्याच्या प्रक्रियेचे विश्लेषण केले आणि ‘निष्क्रिय क्रांती’ ही संकल्पना मांडली. सत्यशोधक परंपरेतून निघालेल्या ब्राह्मणेतर पक्षाचा मोठा भाग १९३० च्या दशकात काँग्रेसमध्ये गेला. शेतकरी जातींना त्यामुळे सत्तेत वाटा मिळाला. पण पुरोहितशाही आणि जातिभेद यांच्यावरील मूळ प्रहाराची तीव्रता ओसरली. अस्पृश्यांचा प्रश्न डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांना स्वतंत्रपणे पुढे न्यावा लागला. २० मार्च १९२७ रोजी महाडच्या चवदार तळ्यावर आणि २५ डिसेंबर १९२७ रोजी मनुस्मृतिदहनाच्या वेळी त्यांनी हा प्रश्न थेट संस्कृतीच्या पातळीवर नेला. त्यांनीही केवळ नकारावर काम भागविले नाही. १९२० चा ‘मूकनायक’, १९४५ ची पीपल्स एज्युकेशन सोसायटी, १९४६ चे मुंबईतील सिद्धार्थ महाविद्यालय, १९५० चे औरंगाबाद येथील मिलिंद महाविद्यालय आणि १९५६ चे धर्मांतर ही उभारणीचीच पावले होत. १९६० नंतरच्या दलित साहित्याची भूमी या संस्थांनी तयार केली. या साहित्यातील संतापाची चर्चा पुष्कळ झाली. त्या संतापाला वाचक, नियतकालिक आणि व्यासपीठ कोठून मिळाले, याची चर्चा तुलनेने कमी झाली.

उपयोजनाच्या कसोट्या

वरील विवेचनावरून एखाद्या साहित्यकृतीसंदर्भात ही संज्ञा वापरण्यापूर्वी पुढील प्रश्न विचारणे उपयुक्त ठरेल :

१) ही कृती कोणत्या धुरीणत्वाला सामोरी जाते? ते बळावर टिकलेले आहे की संमतीवर? केवळ बळाला केलेला विरोध हा प्रतिकार होय.

२) ही कृती वाचकाच्या लोकसमजाशी कोणता व्यवहार करते? ती त्याची केवळ खिल्ली उडविते, की त्यातील विवेकाचा कण हेरून नवा अर्थ रचते?

३) या कृतीचे वाहक कोण? तिच्याभोवती कोणते वाचक, श्रोते, संस्था, विधी किंवा व्यवहार उभे राहिले आणि कोणत्या काळात?

४) या नव्या रचनेतून कोण वगळले गेले? पुढे प्रस्थापितांनी तिला कसे सामावून घेतले?

तिसरा प्रश्न साहित्यबाह्य आहे, असा आक्षेप येऊ शकतो. परंतु ही संज्ञाच मुळात समाज आणि संस्कृती यांच्या नात्याची आहे. ती वापरावयाची आणि समाजाचा इतिहास मात्र बाजूला ठेवावयाचा, हे सुसंगत नाही. ज्यांना केवळ संहितेतील स्वराविषयी बोलावयाचे आहे त्यांच्यासाठी मराठीत ‘नकार’, ‘विद्रोह’, ‘निषेध’, ‘प्रतिकार’ असे नेमके आणि समर्थ शब्द आहेत. ते शब्द कमी प्रतीचे नाहीत.

समारोप

‘प्रतिधुरीणत्व’ ही संज्ञा विरोधाचे भारदस्त नाव म्हणून वापरली गेली तर ती लवकरच निरुपयोगी होईल. तिच्यातील ‘प्रति’ हा प्रतिसरकारातील ‘प्रति’ आहे, हे ध्यानात ठेवल्यास ती इतिहासाचा कठीण हिशेब मांडणारी संज्ञा ठरते. ‘गुलामगिरी’ आणि ‘स्त्री-पुरुष तुलना’ यांच्या तुलनेतून हे दिसते, की विचाराचे सामर्थ्य आणि त्या विचाराचे समाजातील भवितव्य या दोन वेगळ्या बाबी आहेत.

महाविद्यालयीन अध्यापनाच्या दृष्टीने या चर्चेला आणखी एक बाजू आहे. महाराष्ट्रातील अनेक महाविद्यालये ज्या शिक्षणसंस्थांनी उभारली, त्या संस्था स्वतःच सत्यशोधक आणि आंबेडकरी उभारणीचे फलित आहेत. पुणे विद्यापीठाला २०१४ मध्ये सावित्रीबाई फुले यांचे नाव देण्यात आले. भिंतीवर प्रतिमा आल्या, अभ्यासक्रमात ग्रंथ आले, जयंत्या साजऱ्या होऊ लागल्या. एखाद्या विचाराला मान मिळणे आणि तो विचार लोकसमज बनणे यांत मात्र अंतर असते. ‘गुलामगिरी’ परीक्षेसाठी वाचणारा विद्यार्थी स्वतःच्या घरातील लग्न कसे लावतो, कोणत्या जातीत लावतो आणि त्यात मुलीला काय विचारतो, येथे त्या अंतराचे माप मिळते. संज्ञेचा सैल वापर हे अंतर झाकतो. काटेकोर वापर ते वर्गात उघड करू शकतो.